चार ठोक्यांची शांतता

राहनाळच्या एका गोदामात सोनलचा बँड जे गाणं वाजवायचा, ते तीस वर्षांपूर्वी कुठल्याशा परक्या वाळवंटात जन्मलं होतं. दगडासारखं जड, बैलगाडीसारखं संथ, आणि मधोमध चार ठोक्यांची शांतता. त्या शांततेपायीच सोनल ड्रम शिकली.

सोमवारी त्या चार ठोक्यांत गोदामाचा पंखा थांबला आणि सोनलने पुढचा ठोका देताच पुन्हा फिरू लागला. बुधवारी भिंतीवरचं घड्याळही थांबलं. शुक्रवारी दारासमोरून जाणारा ट्रक.

गोदामाचे मालक चिंधूकाका म्हणजे देवापुढचा नारळही दोनदा वाजवून बघणारा माणूस. शनिवारी भर दुपारी ते स्वतः येऊन उभे राहिले.

"पोरी, गानं वाजव, पन मधला थांबा काढ. न्हायतर उद्यापासून हितं यायचं न्हाय."

"थांबा काढला तर वरातीचं गाणं होईल, काका."

"ऐक ना त्यांचं," गिटारवाला सागर पुटपुटला.

"तू वाजव रे!"

त्यांनी वाजवलं. थांबा आला, तशा सोनलने काठ्या वर उचलल्या. पंखा थांबला. घड्याळ थांबलं. ओरडायला उघडलेलं काकांचं तोंड उघडंच राहिलं आणि सागरची पापणी अर्ध्यावर अडकली.

सोनलने मनात चार मोजले आणि काठ्या खाली आणायला गेली. हात हलेना. छातीतही काही वाजत नव्हतं.

बघूच आधी कोण दमतं ते, ही शांतता की मी, असं ठरवून तिने मनातल्या मनात पाच मोजलं.