सतरा नंबरचा गाळा

"बांगड्या कोण भरते इथं? तुमी स्वतः का दुसरं कोणी? मले फक्त एवढंच लिहून न्यायचं आहे." नगर परिषदेचे कारकून बबनराव फाइल मांडीवर घेऊन स्टुलावर बसले.

"मीच भरतो," गादीवरून कोकिळाबाई म्हणाल्या.

त्यांना सकाळच्या पहिल्या बसने हिंगणीहून आणलं होतं. विधवांसाठी राखीव असलेला हा गाळा एकोणीस वर्षांपूर्वी त्यांच्या नावाने निघाला. चालवत होती छाया. पोटभाडेकरू सापडला तर गाळ्याला सील लागतं, आणि कोणीतरी तक्रार केली होती. म्हणून छाया आज आपल्याच दुकानात गिऱ्हाईक होऊन बाकड्यावर बसली होती. हातात रिकामी पिशवी.

"सव्वादोन मापाच्या बांगड्या कुठं ठेवता?" बबनरावांनी विचारलं.

कोकिळाबाईंनी छायाकडे पाहिलं. छायाने डाव्या फळीकडे पाहिलं.

"त्या काय, डावीकडं."

बबनरावांनी आधी छायाकडे, मग फळीकडे पाहिलं आणि काही लिहिलं नाही.

तेवढ्यात एक बाई मुलीला घेऊन पायरी चढली. सेवाग्रामहून आल्या होत्या, या दुकानात पहिल्यांदाच. मुलीची हळद उद्या होती. हिरवा चुडा भरायचा होता.

"बसा," कोकिळाबाई म्हणाल्या.

मुलीच्या आईने त्यांचं कपाळ पाहिलं, गळा पाहिला. "दुसरं कोणी नाई काय भरायले? लग्नाचा चुडा आहे. तुमी मनाले नोका लावू, बाई."

"मी कायले मनाले लावू? बरोबरच आहे तुमचं." कोकिळाबाईंनी हात पदराखाली घेतले.

"मंग लग्नसराईत दुकान चालते कसं?" बबनरावांनी विचारलं.

छायाने पिशवीची घडी घातली, उलगडली, पुन्हा घातली.

"भरा वो आजी," मुलगी म्हणाली आणि गादीसमोर मांडी घालून बसली. "मले अजून पार्लरमदी जायचं आहे." तिने डावा हात पुढे केला. आईने तोंड रस्त्याकडे फिरवलं.

कोकिळाबाईंनी हात धरला. आयुष्यात त्यांनी बांगड्या भरून घेतल्या होत्या, भरल्या कधी नव्हत्या. पहिली गेली. दुसरीही गेली. तिसरी अंगठ्याच्या हाडापाशी अडली. त्यांनी जोर लावला. मुलीचं कातडं पांढरं पडलं. तिने ओठ चावला.

"लावा अजून जोर," बबनराव म्हणाले. पेनाचं टोपण त्यांनी काढून ठेवलं होतं.

कोकिळाबाईंनी जोर लावला. काच कुरकुरली.

"सोडा!"

छायाची पिशवी खाली पडली होती. ती कधी उठली आणि कधी गादीवर येऊन बसली, हे तिला स्वतःलाही सांगता आलं नसतं. मुलीचा हात तिच्या हातात होता.

"दुखलं काय? अंगठा आत घे. ढिला सोड, माय, ढिला सोड. घरी कोण कोण आलं पाव्हणं?"

मुलगी सांगू लागली. आत्या आली, मावशी यायची आहे. ती मावशीपर्यंत पोचली तोवर तिसरी, चौथी, पाचवी बांगडी मनगटात उतरली होती. छाया हाताकडे बघतसुद्धा नव्हती. फळीवरच्या पुढच्या बांगड्या ती मागे न वळता काढत होती.

मुलीच्या आईने तोंड परत आत वळवलं. छायाच्या कपाळावरचं कुंकू पाहून तिचा जीव भांड्यात पडला. "हे असं पायजे," ती म्हणाली. "आधीच काऊन नाई बसल्या तुमी?"

कोकिळाबाई भिंतीकडे सरकल्या.

डावा हात भरून झाला. बबनरावांनी फाइल उघडली. पेनाचं टोपण त्यांनी एकदा लावलं, पुन्हा काढलं.

"नाव सांगा तुमचं," शेवटी ते म्हणाले.

"थांबा जराक, साहेब," छाया म्हणाली. "अर्ध्या चुड्यावर नवरीले उठवत नाई."

आणि तिने मुलीचा उजवा हात मांडीवर ओढून घेतला.