नारळ कुणाचा

धाकू गावकरानं हात जोडले आणि गॅलरीतले सगळे मोबाइल वर झाले.

कल्पना दर्शनाची. माळनाक्यावर मेडिकलच्या दुकानावर तिची ही दोन खोल्यांची गॅलरी. नव्या चित्रकारांची पहिली प्रदर्शनं ती इथे भरवते. उद्घाटनाच्या समई-भाषणांचा तिला कंटाळा आला होता. यावेळचा चित्रकार ओमकार. त्याचे वडील धाकू पालीकडच्या गावात देवापुढे गाऱ्हाणं घालतात, लोकांच्या वतीनं मागणं मागतात, हे कळल्यावर ती हरखलीच. पाहुण्यांना तिनं आधीच पढवून ठेवलं होतं : गाऱ्हाणं घालणारा स्वतः होकार देत नसतो, तो आपण द्यायचा. काका थांबले की सगळ्यांनी ‘व्हय म्हाराजा’ म्हणायचं. मोठ्यानं!

ओमकार भिंतीला टेकून उभा होता. बापलेकांत ठरलं होतं, या प्रदर्शनात एक तरी चित्र विकलं गेलं तर त्यानं घरी राहून रंगवावं. नाहीतर मुकाट मुंबईला जाऊन चुलत्याच्या कंपनीत चिकटावं.

“बा देवा म्हाराजा! आज हितं ही मंडळी जमलीत, त्यांच्यावर तुजी किरपा असू दे रे म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!” खोली दणाणली.

“या पोरीनं दुकान मांडलंय, तिला बरकत दे रे म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!” यात दर्शनाचा आवाज सगळ्यांच्या वर.

धाकूनं डोळे मिटले. “माज्या पोराचं मन या चित्रांवरनं उडू दे. यातलं एक पण विकू देऊ नको. त्याला सुखरूप मुंबईला धाड रे म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!”

कुणी हसत होतं, कुणी व्हिडिओ काढत होतं. काय मागितलं याकडे लक्ष कुणाचं होतं? टाळ्या सुरू झाल्या. ओमकारचं एकही चित्र विकलं जाऊ नये म्हणून त्याच्याच पाहुण्यांनी एका सुरात होकार दिला होता. दर्शनाला ते जरा उशिरा उमगलं आणि तिचं हसू तोंडावरच राहिलं.

आता नारळ फोडला की गाऱ्हाणं पुरं. धाकूनं बायकोपुढे हात केला. “आण.”

गोदानं नारळ छातीशी घट्ट धरला. चारचौघांत नवऱ्यापुढे ती कधी बोलली नव्हती.

“नारळ कुणाचा?”

“म्हंजे?”

“माज्या माडाचा. मी आणलाय. तुमी हात हलवत आलात.” तिनं नारळ पुढे धरला. “ज्याचा नारळ, त्याचं गाऱ्हाणं. माजं घाला.”

टाळ्या थांबल्या. धाकूच्या कपाळावरची शीर तट्ट फुगली. गावात त्याचा शब्द खाली पडत नसे. पण नारळ घेऊन आलेल्या कुणाला त्यानं आजवर परत धाडलं नव्हतं. बांधावरून ज्याच्याशी हाणामारी झाली, त्या भिकाजीचंही मागणं त्यानं जसंच्या तसं देवाच्या कानी घातलं होतं. गावात मान होता तो त्यामुळे.

“गोदे, घरी बोलू.”

“देवाला हितं बोलावलंत ना?”

धाकूनं नारळ घेतला आणि देवळात कुणालाही विचारावं तसं विचारलं, “काय मागणं?”

“पोराच्या हाताला यश. बाकी काय नको.”

समोर ओमकारचं चिऱ्याच्या खाणीचं चित्र टांगलं होतं, खाणीतल्याच लाल धुळीनं रंगवलेलं. धाकूनं तिकडे पाहिलं नाही. नारळ दोन्ही हातांत धरून त्यानं मान खाली घातली.

“बा देवा म्हाराजा.” आवाज बसला होता. “ही गोदा तुज्या पायाशी आलीय. तिच्या पोराच्या हाताला यश दे रे म्हाराजा.”

तो थांबला.

खोलीत कुणी बोलेना. आता सगळे नीट ऐकत होते, म्हणूनच तोंड उघडायचा धीर कुणाला होईना. दर्शना ओठ चावत उभी. गोदा एकेका चेहऱ्याकडे आशेनं बघत होती. मागणारीनं स्वतः होकार द्यायचा नसतो, हे तिला ठाऊक होतं.

धाकूनं नारळ कपाळाला लावला.

“व्हय म्हाराजा,” तो म्हणाला.