राहतं घर

ताईनं चादर अंथरली, हातानं सारखी केली आणि मग तिच्यावर लोळून ती पुन्हा चुरगळून टाकली. उशाशी अर्धी संपलेली गोळ्यांची पट्टी ठेवली. खुर्चीच्या पाठीवर ओला टॉवेल टाकला. भाड्यानं घेतलेली कोरी करकरीत खोली पंधरा मिनिटांत कुणाचं तरी राहतं घर झाली.

तिचं काम एवढंच. तिथे बनणाऱ्या फिती चारचौघांत नाव घेऊ नये अशा, मोठ्या माणसांनी दार लावून बघायच्या. खपायच्या मात्र त्या खऱ्याखुऱ्या म्हणून. चकचकीत पलंग आणि रंगवलेल्या बायका बघून लोकांना वीट आला होता. त्यांना शेजारच्या घरात डोकावल्यासारखं वाटायला हवं होतं.

"चेहरा दिसला की नटी दिसते, ताई," चष्मेवाला दिग्दर्शक म्हणायचा. "पाठ दिसली की शेजारीण दिसते."

म्हणून तिथे चेहरे कॅमेऱ्यात यायचेच नाहीत. काय बोलायचं ते घरानं बोलायचं. आणि राहतं घर काही दुकानात मिळत नाही. मग ताईनं आपल्याच घरातून एकेक वस्तू आणायला सुरुवात केली. कान तुटलेला कप, डागाळलेला पडदा, धुऊन धुऊन विरलेला स्वतःचा गाउन. फितींत काम करणारी बाई तिच्याच वयाची, तिच्याच अंगाची. गाउन तिला असा बसला की चष्मेवाला नुसता मान डोलवत राहिला.

घरी ताईनं फर्निचरच्या जाहिरातींचं काम सांगितलं होतं. नवरा पाणीखात्यात मीटर वाचायचा. सरळमार्गी, कुणाच्या अध्यात ना मध्यात. वीस वर्षांच्या संसारात ती त्याच्याशी कधी खोटं बोलली नव्हती. आता रोज बोलत होती. हे कळलं की हा माणूस निघून जाणार, याबद्दल तिला शंका नव्हती.

त्यात अलीकडे तो फारच चांगला वागायला लागला होता. आपणहून नवा पडदा आणला, नवे कप आणले. वाढदिवस नसताना नवा गाउन आणला आणि जुना टाकून दे म्हणाला. ताईला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर तिनं मनाचा हिय्या केला. काम फर्निचरचं नाही, म्हणाली. तसल्या फिती बनतात तिथे जाते मी.

"माहीत आहे मला," नवरा म्हणाला. "वर्ष झालं."

कचेरीतल्या कुणीतरी मोबाइलवर दाखवली होती, असं त्यानं मान खाली घालून सांगितलं. आधी कप ओळखला, मग गाउन. पुढे तो एकटाच बसून सगळ्या बघत गेला. बाकीच्यांच्या फिती नाटकी वाटतात, म्हणाला, ह्या तेवढ्या खऱ्या वाटतात.

ताईच्या छातीवरचा धोंडा उतरला. सगळं माहीत असून तो राहिला होता. वर आपल्या कामाचं एवढं कौतुक तिनं कुणाच्या तोंडून ऐकलं नव्हतं. तिचे डोळे भरून आले.

"मग मला थांबवलं का नाहीत तुम्ही?"

नवऱ्यानं ताटं एकात एक ठेवली.

"थांबवणार होतो," तो म्हणाला. "पण फितीतल्या त्या माणसाबरोबर असताना तू खळखळून हसतेस. माझ्याबरोबर इतक्या वर्षांत तशी कधी हसली नाहीस."