घामाची ओळख

आयव्ही म्हातारीनं हॅमिशचा हात वर केला, त्याच्या काखेतून आपला तळवा फिरवला, तोच एका गोट्यावर घासला आणि गोटा डोहात टाकला.

"ए बाबांनो!" ती पाण्याकडं तोंड करून आतल्या पूर्वजांना ओरडली. "हा हॅमिश. सिडनीहून आलाय. दिसतो येडा, पण पोटात पाप नाही. त्याला काही करू नका!"

मागं खडकावर बसलेली तिची भाची लोरेन खो खो हसली.

"झालं ना मावशी? करू शूटिंग?" हॅमिशनं विचारलं.

"कर की. पाण्याला लागला तुझा वास."

त्यानं तिकाटणं रोवलं, वर कॅमेरा बसवला. तशी म्हातारी पुढं आली.

"थांब. आणि हा कोण?"

"कॅमेरा आहे, मावशी."

"ते कळतंय रे. बघणार ना हा? मग ओळख नको?"

दुसरा गोटा उचलून तिनं कॅमेऱ्यावरनं, खालनं बोटं फिरवली. कोरडा ठणठणीत. हुंगलं. वास म्हणून नाही. म्हातारी गोंधळली. आजवर तिनं इथं जावई आणले, साहेब आणले, एकदा तर पाद्री आणला. सगळ्यांना घाम होता.

"अहो, त्यातून बघणारा मीच," हॅमिश म्हणाला.

"एकटाच?"

"आत्ता एकटा. मग टीव्हीवर लागेल. लोक बघतील."

"किती?"

"पुष्कळ."

म्हातारीनं डोहाकडं बघितलं. आईनं हे पाणी तिच्या हवाली केलेलं. अनोळखी नजर पडली की आतला राखणदार साप पाणी घेऊन निघून जातो. पलीकडचा डोह तसाच गेला, आता तिथं नुसती वाळू. हाही गेला तर वस्तीनं प्यायचं काय?

"लोरेन, काय करू गं?"

"मला काय विचारतेस? सगळ्यांच्या काखेत हात घालत फिरणार आहेस का?"

म्हातारी हसली नाही. तिनं स्वतःच्याच काखेत हात घातला आणि ओला तळवा सरळ भिंगावर फिरवला.

"बाबांनो, हे..." ती अडली. नावंच ठाऊक नव्हती. "हे माझ्याबरोबर आहेत."

हॅमिशनं कॅमेऱ्याला डोळा लावला. डोह नव्हताच, नुसतं पांढुरकं धुकं. त्यानं खिशातून रुमाल काढला.

"मावशी, पुसू का? काहीच दिसत नाही."

"पूस की." म्हातारीनं हातातला गोटा त्याच्या तळव्यावर ठेवला. "पण मग हा तू टाक. आणि पाण्याला सांग, कोण कोण आलंय."

हॅमिश काठाशी गेला. एका हातात रुमाल, दुसऱ्यात गोटा. त्यानं तोंड उघडलं, आणि ते उघडंच राहिलं.