मुलीचा बाप

रुपराव उंबऱ्यातच धडपडले, अन् काटोलहून आलेल्या पाहुण्यांच्या हातातल्या पोह्यांच्या बशा जागच्या जागी थांबल्या. शर्टाला दारूचा भपकारा येत होता. शोभाताईच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

आज सोनिकाची सुपारी फुटायची होती. काटोलच्या नत्थूजींची संत्र्याची बाग, एकुलता एक मुलगा दुर्गेश, तोही निर्व्यसनी. असं स्थळ महाल वस्तीतल्या दोन खोल्यांच्या घरी चालून येतं का कधी? शोभाताईनं खेटे घालून घालून हे जमवत आणलं होतं. सोनिका तोंडातून चकार शब्द काढत नव्हती, पण लग्नाच्या पोरी लाजतातच.

अन् हा नवरा! उभा जन्म झाडीपट्टीच्या नाटकांत गेला, पण पोस्टरवर कधी नाव नाही. दरसाल एकच काम, मुलीचा गरीब बाप. व्याह्याच्या पायावर पागोटं ठेवायचं अन् रडायचं. गावोगावच्या बाया पदरानं डोळे पुसायच्या. दिग्दर्शक म्हणायचे, याला दुसरं काही जमतच नाही. मग स्टेजवर हात जोडणाऱ्याला खऱ्या व्याह्यापुढं ही काय अवदसा आठवली?

रुपराव खाटेवर नत्थूजींच्या अंगावरच कलंडले. गळ्यात हात टाकून म्हणाले, बाग पोरीच्या नावानं करून देता का बोला, नाहीतर चालते व्हा. नत्थूजी सज्जन माणूस, त्यांनी हसून समजावून पाहिलं. तर रुपरावांनी त्यांच्याच बोलण्याची नक्कल सुरू केली. दुर्गेश लालबुंद झाला. पाहुणे उठले.

चपला घालता घालता नत्थूजी शोभाताईला म्हणाले, "पोरगी लाखाची आहे बाई. तिच्यात काही खोट नाही. पण या माणसाशी आमची सोयरीक नाही जमणार."

गाडी गल्लीतून निघाली अन् शोभाताईचा बांध फुटला.

"लोकाच्या पोरींसाठी जन्मभर रडले, अन् सोताच्या पोरीचं वाटोळं केलं! काहून जी? कोणत्या जन्माचं वैर काढून राहिले?"

रुपरावांनी मान खाली घातली. ती खाली घातलेली मान तिला जास्तच झोंबली. शेजारणी खिडक्यांत गोळा झाल्या होत्या. उद्या साऱ्या महालात हेच. आता पोरीला कोण दारात उभं करणार होतं?

ती मोरीवर गेली अन् बादली भरली. आज याच्या डोक्यावर ओतल्याशिवाय घोटभर पाणी पिणार नाही, असं पुटपुटत ती बाहेर आली, अन् पडद्याशीच थबकली.

रुपराव खाटेवर ताठ बसले होते. सोनिका त्यांच्या गुडघ्यावर डोकं ठेवून रडत होती. तिच्या केसांवरून हात फिरवत ते स्वच्छ आवाजात म्हणाले, "रडू नको वं. बोल माह्यावर आला, तुह्यावर नाही आला. आता पियुषले सांग, तुह्या मायचा राग उतरला की ये म्हणा मागणी घालाले."