दारावरचा दगड

आमच्या पेनसिल्व्हेनियात दगडी घर पुरं झालं की दारावरच्या दगडात नवराबायको दोघांची नावं कोरतात. वेल्टेन आणि अपोलोनिया या जोडप्याची नावं मीच कोरली होती. मायदेशाहून आलेल्या जहाजातून उतरल्यावर दोन वर्षं अपोलोनियानं शेतातले दगड ओढले, छप्पर चढलं आणि ती बाळंतपणात गेली. वेल्टेननं सहाव्या आठवड्यात सिबिलाला लग्न करून आणलं आणि मला बोलावलं. “जोस्ट, तो दगड काढून उलटा बसव. मागची बाजू कोरीच आहे, तिथं माझं आणि हिचं नाव घाल,” तो सॉसेज चघळत म्हणाला. किळस आली, तरी मी दगड उतरवला. सिबिलानं जुन्या नावावरून बोट फिरवलं. “हिचं काय चुकलं होतं?” “घर बांधलं,” मी म्हणालो. तिनं नवऱ्याकडं नासक्या अंड्याकडं पाहावं तसं पाहिलं. “दादा, माझं नाव कोरू नका, खडूनं लिहा. पुढचीला पुसायला सोपं जाईल.”