दादासाठी पन्नास

“आणखी दहानं वाढव,” गोरक्ष कुजबुजला.

“गप. दादा ऐकंल,” प्रशांत म्हणला आणि त्यानं साठचे सत्तर केले.

गोरक्षनं, त्याच्या दोस्तानं, नागापूर एमआयडीसीतल्या एका ऑफिसातनं भंगारात निघालेला लॅपटॉप आणलेला. त्यावर दोघांनी टीव्हीला जोडायचा जुना कॅसेटवाला व्हिडिओ गेम चालवला. कॅसेट नाही, काय नाही, नुसता एक प्रोग्रॅम! आधी लई रडत चालायचा. मग आवाज बंद केला, चित्र काडेपेटीएवढं केलं, तेव्हा कुठं टीव्हीसारखा पळाला. शंभर म्हणजे फुल्ल वेग.

आणि मग प्रशांतनं तो मुद्दाम पन्नासवर आणला. थोरल्या भावासाठी, भीमराजसाठी.

त्याच्या उजव्या हाताची दोन बोटं कंपनीत प्रेसमशीनखाली सापडलेली. चार महिने तो भिंगारच्या घरातच. जखम भरली, पण बोटं वळत नव्हती. बटणं दाबून दाबून ती सुटतील, असं प्रशांतचं डोकं. रोज संध्याकाळी दोघं खेळायला बसायचे, आणि हा गुपचूप वेग वाढवायचा. बुधवारी कंपनीचा डॉक्टर हात बघणार होता. बोटं वळली तर परत प्रेसवर. नाहीतर कायमचं गेटवर, वॉचमन म्हणून.

“आमचा दादा ऑपरेटर हाय. गेटवर काय बसतोय?” प्रशांत सगळ्यांना सांगायचा.

पण सत्तरला दादा अडकला. गेममधल्या त्याच पुलावरून रोज पडायचा.

“जमत न्हाई रे.”

“जमंल. परत लाव.”

“लॅपटॉप म्हातारा झालाय का मी?” भीमराज हसून हात झटकायचा.

बुधवारी डॉक्टरनं त्याच्या हातात नट-बोल्ट दिला. नट दोनदा खाली पडला. डॉक्टरनं लिहिलं, गेट. येताना प्रशांत खिडकीबाहेर बघत राहिला. रोज रात्री ‘प्रेस, प्रेस’ करत दचकून उठणारा भीमराज बसमध्ये गाढ झोपला, चार महिन्यांत पहिल्यांदाच.

घरी येऊन प्रशांत गेम पुसून टाकायला बसला. बघतो तर एक सेव्ह केलेला डाव. कालचा, दुपारी तीनचा. त्यानं तो उघडला. पूल केव्हाच मागं पडलेला. शेवटची लेव्हल. कोपऱ्यात वेग, शंभर.

“आई, काल दुपारी गोरक्ष आल्ता का?”

“न्हाई बा,” भिमाबाई भाकरी थापत म्हणल्या. “तू कॉलेजला गेलास की भीमराजच खेळतो रोज. तुला सांगू नको म्हणला.”

“डाव्या हातानं?”

“दोन्ही हातांनी. लई फटाफटा चालत्यात बोटं.”